बंद घरातली उतरंड

फेब्रुवारी संपत आला, की आमच्या नांदेडच्या घरापुढचा कडुनिंब पानं गाळायला लागतो आणि माझी चिडचिड सुरू होते. कोणी काही बोललेलं नसतं, कुठे काही बिनसलेलं नसतं. तरी माझ्या हातून डबे आपटले जातात. नवरा पेपरातून मान वर न करता म्हणतो, "आली वाटतं तुझी परीक्षा." माझी बारावी होऊन निम्मं आयुष्य उलटलं. पण हवेत तो कोरडा, किंचित कडू वास आला, दुपारच्या वाऱ्याने वाळकी पानं पत्र्यावरून घासत नेली, की अजून काहीतरी राहून गेलंय असं वाटतं. काय, ते नेमकं बोट ठेवून दाखवता येत नाही. म्हणूनच तर चिडचिड.

यंदा त्यात भर अशी, की मुलगाच बारावीला आहे. ओम लातूरला होस्टेलवर राहतो. नांदेडात क्लासांचा काही दुष्काळ नाही. आमच्या गल्लीच्या तोंडाशीच गुणवंतांच्या फोटोंनी अख्खी भिंत झाकलीय. पण नाही. "मम्मी, लातूर ते लातूर," असं मला ऐकवून तो बॅग भरायला लागला. मी जन्माने लातूरची, आणि हा मला लातूर सांगतो. शेवटी मी एवढंच म्हटलं, की जायचं तर महानंदामावशीच्या होस्टेलवर, दुसरीकडे नाही. ते त्याने मान्य केलं, कारण तिथली भाजी बरी असते असं त्याने ऐकलं होतं. मला मात्र ते घर होस्टेल व्हायच्या आधीपासून माहीत आहे.

आम्ही बारावीला होतो तेव्हा लातूर नुकतं धावायला लागलं होतं. भूकंप होऊन काही वर्षं झाली होती. माणसं आपापल्या घरात परतली होती, पण कुठे ट्रकने जोरात ब्रेक मारला तरी बोलणारा मध्येच थांबायचा, एक क्षण जमिनीकडे बघायचा आणि मग वाक्य पुरं करायचा. दुसरीकडे, जिल्ह्याजिल्ह्यांतून पोरं ट्रंका घेऊन उतरू लागली होती. उजाडायच्या आत सायकलींच्या घंटा, चहाच्या गाड्यांवर वह्या, आणि ज्याच्या घरावर एक खोली जास्त आहे त्याच्या दारावर "विद्यार्थ्यांसाठी खोली मिळेल" अशी पाटी. एवढ्या पोरांना पाणी कुठून आणायचं? म्हणून जिकडे तिकडे बोअरच्या गाड्या. दिवसभर कुठेतरी दणदण चालायची आणि दोरीवरच्या कपड्यांवर पांढरी भुकटी बसायची. माझी आई बोअरवाल्यांना आणि क्लासवाल्यांना एकाच दमात शिव्या द्यायची.

आमच्या कॉलनीत एक भुताचं घर होतं. भुताचं घर म्हटलं की लोकांना पडकं, वडाच्या पारंब्यांतलं काहीतरी डोळ्यांपुढे येतं. हे घर कोरं होतं. स्लॅबचं, दोन मजली, फिकट हिरव्या रंगाचं, वर नक्षीचा कठडा. ते माझ्या मैत्रिणीचं, महानंदाचं घर. तिच्या वडलांचं, अप्पांचं, गंजगोलाईच्या बाजारात स्टीलच्या भांड्यांचं दुकान होतं. त्यांनी हौसेने घर बांधलं, वास्तुशांत केली, सगळे जेमतेम एक उन्हाळा त्यात राहिले, आणि भूकंप झाला. घराला काही झालं नाही. जिन्याच्या भिंतीला केसाएवढी चीर पडली, तेवढीच. पण महानंदाच्या आईचं, अव्वाचं, माहेर औशाच्या बाजूला होतं. ते गेलं. लोक असंच म्हणायचे, माहेरची माणसं गेली असं नाही, माहेर गेलं.

त्या सकाळपासून अव्वा स्लॅबखाली झोपली नाही. अंगणात पत्र्याचं शेड ठोकलं आणि सगळं कुटुंब त्यात आलं. सुरुवातीला सगळं लातूरच बाहेर झोपत होतं, त्यामुळे कोणाला नवल वाटलं नाही. मग एकेक घर आत गेलं. ह्यांचं शेड राहिलं. वर्षं गेली तरी राहिलं. घराला कुलूप. फक्त देव तेवढे आत राहिले होते, म्हणून अव्वा रोज पहाटे न्हाऊन, कपाळाला विभूती लावून आत जायची, दिवा लावायची आणि बाहेर येऊन कुलूप घालायची. किल्ली तिच्या कमरेला. दुसऱ्या कोणी उंबरा ओलांडायचा नाही.

आणि त्या बंद घरात भांडी वाजायची. भर दुपारी, सगळी कॉलनी जेवून आडवी झालेली असताना, एकदम खण्णकन आवाज व्हायचा, मग काहीतरी घरंगळत जायचं, आणि शांत. मी स्वतः ऐकलंय. कॉलनीने दोन दिवसांत निकाल लावला: अव्वाची धाकटी बहीण पार्वती भूकंपात गेली, ती बहिणीच्या घरी जेवायला येते. अव्वाला कोणी विचारलं तर ती हो म्हणायची नाही आणि नाहीही म्हणायची नाही. अप्पा दुकानात बसून दिवसभर भांडी वाजवणारा माणूस, पण घरातली वाजली की त्यांच्या कपाळावर घाम यायचा. त्यांनी दाराजवळ जायचंही सोडलं.

या सगळ्यात हाल महानंदाचे. मार्च जवळ आला की ते शेड तापायचं. पत्र्यावर ओली पोती टाकायची, ती तासाभरात कडकडीत वाळायची. एका कोपऱ्यात स्टोव्ह, दुसऱ्यात अप्पांचा रेडिओ, मध्ये धाकट्या भावंडांची मारामारी, आणि त्यात ही पोटाशी पुस्तक धरून बसलेली. अप्पांनी तिला स्पष्ट सांगितलं होतं, "मेडिकलला नंबर लागला तर शीक पोटभर. न्हाई लागला तर उदगीरचं स्थळ हाय." त्यात काही दुष्टपणा नव्हता, ते तसे मऊ माणूस. पण तिच्यापुढे दोन रस्ते होते, त्यातला मेडिकलचा त्या शेडमधून जात नव्हता. आणि दहा पावलांवर तिची स्वतःची खोली होती, पूर्वेच्या खिडकीची, पंखा बसवलेली.

"भूत न्हाई हे एकदा दाखवून दिलं की झालं," ती म्हणाली. "अप्पा आत यायला तयार व्हतील. अप्पा आले की अव्वा येतीच."

सतराव्या वर्षी असंच वाटतं, की खरं काय ते एकदा दाखवलं की माणसं गपगुमान उठून चालायला लागतील. आम्हाला तर विज्ञान शिकवत होते. मला आज त्या वाटण्याचाच राग येतो.

आमच्यातली तिसरी नसीम. तिच्या अब्बांचं ट्रंका आणि कुलपांचं दुकान होतं. बाकीच्या पोरी बाहुल्यांशी खेळल्या, ही कुलपांशी. सोमवारी दुपारी अव्वा मठात गेली तशी आम्ही मागच्या दाराशी जमलो. नसीमने तारेचा तुकडा काढला, कुलपाला कान लावला आणि म्हणाली, "हे कायका कुलूप गं. ह्याला नुसतं दमात घेतलं तरी उघडतंय." आणि उघडलं.

आत गार होतं. ते गारपण मला आठवतं, कारण बाहेर ऊन रटरटत होतं आणि आम्ही तिघी क्षणभर कशाला आलोय ते विसरून नुसत्या उभ्या राहिलो. सगळीकडे धुळीचा जाड थर, आणि पुढच्या दारापासून देवघरापर्यंत मात्र एक पट्टा लख्ख झाडलेला. नसीम कुजबुजली, "तुमचं भूत झाडून बी घेतंय का?" मला हसू आलं, तरी मी तिचा हात धरला. महानंदाचं आमच्याकडे लक्षच नव्हतं. ती सरळ जिना चढून तिच्या खोलीत गेली. पंख्याच्या पात्यांना दुकानातला कागद अजून गुंडाळलेला होता. तिने बटण दाबलं. वीज तोडलेली, पंखा कुठला फिरतोय. तरी तिने दोन-तीनदा दाबून बघितलं, मग खिडकीखाली जमिनीवर मांडी घालून बसली आणि म्हणाली, "इथं टेबल ठेवीन."

खाली आलो तेव्हा आम्हाला ते दिसलं. बैठकीच्या मधोमध, झाडलेल्या जागेत, एक तांब्या पालथा घातलेला. त्यावर ताटली. ताटलीवर पेला, पेल्यावर वाटी, वाटीवर आणखी लहान वाटी, आणि सगळ्यात वर एक लिंबाएवढं झाकण. मातीच्या मडक्यांची रचतात तशी उतरंड, पण दुकानातल्या कोऱ्या स्टीलची, आणि इतकी नाजूक की आम्ही श्वास रोखला. कोणी केली असेल हे विचारायला महानंदाने तोंड उघडलं, तेवढ्यात मागच्या प्लॉटवर बोअरची गाडी सुरू झाली. आधी तळपायांना कळलं. मग झाकण थरथरलं, आणि सगळी उतरंड खण्णकन खाली आली. नसीम मला असली चिकटली की माझ्या दंडावर नखं उठली. पेला घरंगळत भिंतीपाशी गेला आणि थांबला.

मग आम्ही हसलो. डोळ्यांतून पाणी येईपर्यंत हसलो. भूत सापडलं होतं, आणि ते मागच्या प्लॉटवर डिझेल पीत होतं. महानंदा तर नाचायचीच बाकी होती. हे हसणं चालू असताना पुढचं दार उघडलं. मठातून लवकर परतलेली अव्वा दारात उभी होती.

ती आमच्यावर ओरडली नाही. तिने आधी जमिनीवरची भांडी पाहिली आणि विचारलं, "कवा पडली?"

"आत्ता," महानंदा म्हणाली. "अव्वा, भूतबीत काय बी न्हाई. बोअरची गाडी हाय. ती हादरवून राहिली."

"भूत हाय आसं मी कवा म्हणलं?" अव्वा खाली बसून भांडी गोळा करू लागली. "लोकं म्हणले. मी म्हणलं, म्हणू द्या. भ्याले तर आत येणार न्हाईत, जीव वाचंल त्यांचा."

तेव्हा आम्हाला कळलं, की रोज पहाटे दिवा लावल्यावर ती ही उतरंड रचत होती. पडली की तिला समजायचं, जमीन हलली. आणि ती सारखी पडत होती. जितकी होस्टेलं वाढत होती, जितके बोअर पाडले जात होते, तितकी पडत होती. पोरं डॉक्टर व्हायला लातुरात येत होती, त्यांना पाणी लागत होतं, आणि त्या पाण्यापायी अव्वाची खात्री दर आठवड्याला पक्की होत होती, की मोठा धक्का येऊन राहिलाय.

मी पुढे झाले. मी वर्गात पहिली-दुसरी येणारी. मी तिला लहरी, केंद्र, कंप सगळं समजावलं. भूकंपाची थरथर कशी असते, मशीनची कशी असते. अव्वाने सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाली, "तुमच्या सरला म्हणावं, त्या दिशी बी यिऊन सांगायचं व्हतं."

"अव्वा, मला आभ्यासाला जागा पायजे," महानंदाचा आवाज फुटला. "मला बाकी काय बी नको."

अव्वा तांब्या पालथा घालत होती. ती म्हणाली, "पार्वतीच्या घरात बी आदी भांडी वाजली व्हती. फळीवरली. दाजी भाईर बाजेवर व्हते, त्यांनी इचारलं, काय वाजलं गं. तर आतून ही म्हणली, मांजर आसंल, निजा तुमी. दाजींनीच सांगितलं मला. ते भाईर व्हते म्हणून राह्यले." तिने ताटली ठेवली, पेला ठेवला. "भूत आस्तं तर बरं झालं आस्तं. भुताला उतारा टाकता येतो. भुईला काय टाकू?"

नसीमने खाली राहिलेलं झाकण उचलून तिच्या हातात दिलं. भुईला काय टाकायचं, ते आमच्या पुस्तकात नव्हतं.

तरी महानंदाने हट्ट सोडला नाही. रात्री जेवताना अप्पांना सगळं सांगितलं. भूत नाही म्हटल्यावर अप्पांचा चेहरा उजळला. त्यांनी आत जाऊन सगळ्या खोल्यांतून फिरून बघितलं, वीज जोडून घेतली. पण अव्वा उंबऱ्यावर आडवी बसली. "मी जित्ती हाय तवर माझी लेकरं ह्या स्लॅबखाली निजणार न्हाईत." अप्पांनी समजूत घातली, चिडले, दोन दिवस जेवले नाहीत. मग व्यापारी माणसाने व्यापारी तोडगा काढला. आपण राहायचं नाही तर नाही, पण भूत गेलेलं घर रिकामं कशाला ठेवायचं? भाड्याच्या व्यवहारात अव्वाचं काही चाललं नाही; पंधरवड्यात घरात पोरं आली. देगलूरची, लोह्याची, शिरूर अनंतपाळची. महानंदाच्या खोलीत तिघं राहिले. पंख्याचा कागद त्यांनी काढला.

हे मला अजून गिळता येत नाही. शेडमधून तिला तिचा पंखा दिसायचा. रात्री खिडकीत उजेड, खाली टेबल, टेबलाशी कोणीतरी देगलूरचा पोरगा घोकतोय, आणि ही खाली पत्र्यात पाण्यात भिजवलेलं फडकं डोक्यावर घेऊन. तो पोरगा बिचारा चांगला होता. "ताई, पाण्याची टाकी भरली का," असं विचारायचा. तिच्याच खोलीतून वाकून, तिलाच. मला त्याला दगड मारावासा वाटायचा.

आणि अव्वा? ती आता पहाटे जिन्याखाली उतरंड रचायची. पोरांना दम भरायची, "वाजली की भाईर पळायचं. पुस्तकं सोडून पळायचं." दुसऱ्याची लेकरं आहेत म्हणून तिचा जीव जास्तच खालीवर. मी एकदा तणतणत तिला म्हटलंही, की अव्वा, लोकांच्या पोरांना पंखा आणि स्वतःच्या पोरीला पत्रा, हा कुठला न्याय?  तिला प्रश्नच कळला नाही. तिच्या हिशेबी त्या आवारातली सगळ्यात चांगली जागा तिने लेकीला दिली होती. लेकीला ती नको होती, एवढंच.

महानंदाचा नंबर थोडक्यात हुकला. खोली असती तर लागला असता का, कोण जाणे. मी आपली "लागला असता" असंच म्हणते आणि म्हटलं की मला बरं वाटतं. उदगीरच्या लग्नात आम्ही मैत्रिणी खूप जेवलो. नसीम कानात म्हणाली, "आपन कुलूप खोललं, आन् आत दुसरेच घुसले." नसीम आता देगलूरला असते, नातवंडांची भाषा करते.

पुढे अप्पा गेले, भाऊ पुण्याला गेले, अव्वा आजारी पडली तशी महानंदा उदगीरहून आली ती तिथेच राहिली. घरावर आणखी मजले चढले. आता तीच होस्टेल चालवते, तीच मेस. नवरा उदगीरचं दुकान बघतो, रविवारी येतो. अव्वा जाऊनही काही वर्षं झाली.

गेल्या आठवड्यात ओमला डबा द्यायला लातूरला गेले. परीक्षा तोंडावर. दुपारची वेळ, पोरं वर अभ्यासाला. आवारात कडुनिंबाच्या पानांचा सडा, आणि कोपऱ्यात ते शेड. तेच. पत्रे नवे दिसले.

"हे अजून काढलं नाहीस?" मी विचारलं.

"काढायला गडी आणले व्हते," महानंदा म्हणाली. आम्ही शेडच्या दारात बाजेवर बसलो होतो. आत तिची गादी, तिचा छोटा टेबलफॅन, तिच्या औषधांच्या पट्ट्या. "अव्वा गेली तवा म्हणलं, चला, आता आपल्या खोलीत जाऊ. पूर्वेची खोली रिकामी करून घेतली. चार रात्री निजले बघ."

"मग?"

"झोपच लागंना गं. वर स्लॅब दिसतोय, वर स्लॅब दिसतोय. पाचव्या दिशी आले परत हितं." ती हसली. "खोली दिली भाड्यानं. तुझा ओम हाय तिथं. ऊन चांगलं येतं सकाळचं."

मला इतका संताप आला. कोणावर, ते आताही सांगता येत नाही. अव्वावर म्हणावं तर ती नाही, महानंदावर म्हणावं तर ती आधीच सगळं देऊन बसलीय. हिला आयुष्यात एक खोली हवी होती. मिळाली तेव्हा ती हिच्या उपयोगाची उरली नव्हती. मी तिला काहीतरी तोडून बोलणार होते. बोअरच्या गाड्या आता पूर्वीसारख्या रोज नसतात, पण पलीकडच्या गल्लीत कुठेतरी काम चाललेलं होतं, एवढं मला येतानाच दिसलं होतं. ते नीट दिसलं होतं.

तेवढ्यात जिन्याखाली भांडी वाजली. खण्णकन, आणि मग काहीतरी घरंगळत गेलं.

महानंदाने डब्याचं झाकण लावलं आणि शांतपणे म्हणाली, "बोअर आसंल."

मी तिचं ते वाक्य पुरतं ऐकलंसुद्धा नाही. चप्पल न घालता मी आवाराच्या मध्यभागी पोचले होते, तापलेल्या फरशीवर, आणि वर बघून ओरडत होते. ओम पूर्वेच्या खिडकीतून वाकला, हातात पेन, मागे पंखा फिरतोय.

"काय झालं मम्मी?"

"काही नाही," मी म्हटलं. "पुस्तक ठेव आणि आधी खाली ये."